मी रचलेली तान्हूबाई

एक आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढं कुणाचा गैरसमज नको. मी असल्या भुताखेताच्या गोष्टी मानणारा माणूस नाही. या ग्रुपवरचे तुमचे अनुभव मी वर्षभर वाचतोय आणि खरं बोलायचं तर निम्म्यांना हसलोय. एकतीस वर्षं एसटीत कंडक्टर होतो, गावात अजून मला मास्तर म्हणतात. भोर, वेल्हे, पार केळद-पासलीपर्यंतच्या मुक्कामी गाड्या केल्या, शाळेच्या ओसरीवर झोपलो, पावसात बंद पडलेल्या गाडीत एकट्यानं पहाट केली. अमक्या वळणावर एक बाई हात दाखवते, थांबू नका, असं ड्रायव्हर मंडळी सांगायची. बाई हात दाखवायची हे खरंच... पण ती गाडीत चढायची, पोराच्या हाफ तिकिटावरून माझ्याशी भांडायची आणि विंझरला उतरायची. भूत म्हणून जे काही मला भेटलं ते एवढंच.

आता जे लिहितोय ते मागच्या श्रावणातलं आहे.

रिटायर झाल्यावर घरी बसून बायकोच्या कामात चुका काढायला लागलो, तेव्हा तिनं — शालननं — स्पष्ट सांगितलं, “तुमी काय बी करा, पर सकाळचं घराभायेर ऱ्हावा.” मग मी भोरात एक उद्योग सुरू केला. दर रविवारी सकाळी साडेसातला एसटी स्टँडवर जमायचं आणि पायी जुनं भोर बघायचं. राजवाडा, मग जुनी पेठ, तिथून एका बोळानं खाली नीरेच्या घाटावर, आणि परत वर येऊन दिलीपच्या हॉटेलात वडा-चहा. दोन तासांचा कार्यक्रम. पुण्याची मंडळी कापूरहोळला वळून गाड्या घेऊन येतात. हेरिटेज वॉक म्हणतात त्याला. मी आपला फेरी म्हणतो.

माणसं मोजायची सवय माझी गेलेली नाही. प्रत्येक ठिकाण सोडताना मी मुंडकी मोजतो. गाडीत मोजायचो तसंच, बोटं न हलवता, नुसत्या नजरेनं. यात माझी चूक होत नाही असा मला गर्व होता. गर्वच म्हणा.

फेरीत अडचण एकच होती... घाट. राजवाड्यासमोर लोक खूश असतात, इथं कुठलं शूटिंग झालं ते विचारतात. पेठेत लाकडी खांब, कोरीव गॅलऱ्या, फोटो काढायला भरपूर. पण घाटावर काय? दगडी पायऱ्या आणि नदी. लोक तिथं पोचले की खिशातून मोबाईल काढायचे. एका रविवारी एका बाईंनी मला सरळ विचारलं, “काका, इथे नक्की काय झालं होतं?” काही झालेलं नव्हतं हो. पण चौदा-पंधरा माणसं तोंडाकडे बघत होती आणि मी बोलून गेलो, “इथं तान्हूबाई बसायची.”

अशी कुणीही बाई भोरात नव्हती. मी ती त्या मिनिटाला रचली. नावही तेव्हाच तोंडात आलं.

मग गोष्ट वाढत गेली. पूल नव्हता तेव्हा लोक नावेतून पलीकडं जायचे. तान्हूबाईचा नवरा इथंच बुडाला, आणि तो राहिलाय हे कुणाच्या ध्यानातच आलं नाही. तेव्हापासून ती वरच्या पायरीवर बसायची. खाली किती उतरले, वर किती आले, मोजायची. एक जरी कमी पडला तरी ओरडायची, “येक ऱ्हायलाय खाली!” आणि तो माणूस वर येईपर्यंत तिचं तोंड बंद व्हायचं नाही... मोजण्याचा भाग कुठून आला हे तुम्ही ओळखलंच असेल. माझ्यातलाच कंडक्टर मी तिला दिला होता. लोकांना गोष्ट फार आवडायची. बायका डोळे पुसायच्या. मला थोडी लाज वाटायची, पण थोडीच.

तर त्या रविवारी चौदा माणसं होती. त्यांत पुण्याच्या अनघाताई, पंचेचाळिशीच्या, आणि त्यांचे वडील. वडिलांना त्या नाना म्हणायच्या. अठ्ठ्याहत्तरचे, उंच, इस्त्रीचा शर्ट, चष्मा. चालायला तरणेताठे, पण डोक्यातलं सगळं पुसत चाललेलं. अनघाताईंनी मला स्टँडवरच बाजूला घेतलं.

“काका, नाना तरुणपणी इथल्या कचेरीत नोकरीला होते. आता माझं नावसुद्धा कधी कधी आठवत नाही, पण भोरचं नाव घेतात. म्हणून आणलंय. त्यांच्यावर जरा लक्ष ठेवाल ना? घरातून दोनदा निघून गेलेत.”

“ताई, एकतीस वर्षांत माझ्या गाडीतून एक माणूस हरवला नाही,” मी म्हटलं. किती सहज म्हटलं!

पाऊस भुरभुर होता. वर डोंगरात मात्र रात्रभर कोसळला होता, नीरा गढूळ होऊन फुगली होती. घाटाच्या जेमतेम आठ पायऱ्या पाण्याबाहेर होत्या. पावसाळ्यात तिसऱ्या पायरीखाली कुणी उतरायचं नाही असा माझा नियम आहे. सगळे वरच उभे राहिले आणि मी तान्हूबाई सुरू केली. नाना मात्र गोष्ट ऐकत नव्हते. ते पाण्याकडं बघत होते आणि त्यांच्या चेहऱ्यावर काहीतरी हलत होतं. “इथे आम्ही पोहायचो,” ते एकदम म्हणाले. “कचेरी सुटली की.” अनघाताईंनी त्यांचा हात घट्ट धरला आणि ताईंनाच रडू फुटलं. कितीतरी महिन्यांनी वडिलांना काही आठवलं होतं.

आम्ही निघालो. बोळाच्या तोंडाशी उभा राहून मी मोजले... चौदा. बरोबर. पुढं हॉटेल पाच मिनिटांवर. घाटावरून निघतानाच अनघाताईंना फोन आला होता, बहुतेक भावाचा. नानांना आठवलं हे सांगताना त्या भरभर बोलत चालल्या होत्या. मागं ग्रुपमधल्या एक बाई येत होत्या, नाना त्यांच्यासोबत आहेत असं ताईंना वाटलं. त्या बाईंना वाटलं, ते पुढं मुलीबरोबर गेले. आणि मला काही वाटायचं कारणच नव्हतं. माझे चौदा भरले होते.

हॉटेलात दोन बाकांवर मंडळी बसली. दिलीप कपात चहा ओतत होता. एक गृहस्थ मोबाईलवर व्हिडिओ काढत होते, वड्यांचा, कपांचा, सगळ्यांचा. अनघाताई दारात पाठमोऱ्या, अजून फोनवरच होत्या.

आणि बाहेरून आवाज आला.

“येक ऱ्हायलाय खाली!”

बाईचा आवाज, चिरका, लांबून मारलेली हाक असते तसा. सगळ्यांच्या माना दाराकडं वळल्या. मग व्हिडिओ काढणारे गृहस्थ हसले आणि टाळी वाजवून म्हणाले, “वा काका! हे भारी अरेंज केलंय!” बाकीचेही हसले. कुणीतरी विचारलं, “त्या बाई कोण? इथल्याच आहेत का?”

मला राग आला. वाटलं, पेठेतल्या कुणीतरी माझी टर उडवली. दर रविवारी माझी तीच टेप ऐकून लोकांना पाठ झाली होती, तेव्हा तसं करणारी माणसं इथं कमी नाहीत. मी तरातरा बाहेर गेलो. बोळ मोकळा होता. ओला रस्ता, एका दारात बांधलेली शेळी, पलीकडं पिठाच्या गिरणीची घरघर. मी ओरडलो, “कोण हाय गं? समोर ये की!”

“येक ऱ्हायलाय!”

आता ती हाक घाटाच्या बाजूनं आली आणि तिच्यात राग होता... मला उद्देशून राग.  ‘येक’ म्हणतानाचा तो हेल, शेवटचं अक्षर लांबवणं, ते मी घाटावर काढतो तसंच्या तसं होतं. बाईच्या गळ्यातून माझीच हाक येत होती.

मी वळलो आणि दारातून आत मोजलं. अनघाताई धरून तेरा.

परत मोजलं. तेरा. आणि त्याच वेळी बबन दिसला. बबन आमच्या पेठेत दूध घालतो. तो घाटावर गोष्ट ऐकायला थांबला होता, आमच्याबरोबरच बोळातून वर आला होता आणि आता आपली किटली घेऊन शांतपणे समोरच्या घरात दूध मापत होता. बोळाच्या तोंडाशी मी त्याला धरून चौदा मोजले होते. माझ्याच गावचा माणूस, रोज बघतो, तरी मी त्याला पॅसेंजरात धरला.

अनघाताईंनी फोन खाली घेतला. आत बघितलं. “नाना कुठेत?”

मी पळत सुटलो. त्रेसष्ट वर्षांचा मी, गुडघे कामातून गेलेले, त्या उतरत्या बोळात दोनदा घसरलो. मागून ताई “नाना, नाना” ओरडत येत होत्या. तो आवाज अजून माझ्या कानातून जात नाही. डोक्यात एकच चाललं होतं... पाच मिनिटं जायला, पाच-सात बसायला. एवढ्या वेळात नीरा माणसाला कुठं नेईल ते मला माहीत आहे.

घाटावर दुसऱ्या पायरीवर चपला नीट जोडीनं ठेवल्या होत्या. शेजारी घडी केलेला शर्ट, त्यावर चष्मा. नाना पाण्यात होते. कमरेच्या वर पाणी, आणि पाण्याला अशी ओढ की त्यांचं अंग सगळं खालच्या अंगाला तिरकं झालेलं. तसा माणूस उभा राहत नाही हो. पाय सुटायलाच पाहिजेत. पण त्यांचा डावा हात मागं, पायऱ्यांकडं ताणलेला होता, खांद्यापासून मनगटापर्यंत ताठ. मनगटाला धरून ठेवणारं मात्र काहीच नव्हतं. कडी नाही, दोर नाही, झाडाची फांदी नाही. नुसती हवा आणि पाऊस.

मी उतरलो. कसा उतरलो माहीत नाही, मला पोहता येत नाही. पाण्यातल्या पायरीवर बसकण मारली आणि त्यांचं ते मनगट दोन्ही हातांनी धरलं. धरलं त्या क्षणी सगळा भार माझ्यावर आला. म्हणजे तोपर्यंत तो भार दुसरीकडं होता! गाडीच्या टपावरचं पोतं वरचा माणूस सोडतो आणि खालच्याच्या खांद्यावर एकदम येतं, तसंच. मी पुढं ओढला गेलो, तेवढ्यात बबननं मला मागून कमरेला धरलं. ते व्हिडिओवाले गृहस्थही पोचले. तिघांनी मिळून नानांना वर घेतलं.

अनघाताईंनी त्यांना मिठी मारली. नाना मात्र शांत. उलट थोडे वैतागलेले होते.

“मी त्या बाईंना म्हणत होतो, सोडा, मला पोहता येतं,” ते म्हणाले. “ऐकेचनात. केवढी पकड! आणि हाताला रॉकेलचा वास... अजून येतोय बघ.” त्यांनी मनगट मुलीच्या नाकाशी नेलं.

ताईंनी वास घेतला आणि माझ्याकडं बघितलं. मग मी घेतला. पाण्यातून आत्ता काढलेल्या हाताला रॉकेलचा वास होता.

आता जे लिहितोय ते मी तोपर्यंत कुणालाही सांगितलेलं नव्हतं. तान्हूबाई रचल्यानंतरच्या आठवड्यात मी तिचं बाकीचं आयुष्यही मनात रचलं होतं. नवऱ्यामागं तिनं पोट कसं भरलं? तर ती गावातल्या रस्त्यावरच्या दिव्यांत रॉकेल भरायची. दिवसभर ते काम, त्यामुळं तिच्या हाताचा वास कधी जात नसे. मग वाटलं, गोष्ट लांबतेय, लोकांना वड्याची घाई असते. तो भाग मी गाळला. घाटावर कधी सांगितला नाही, कुठं लिहिला नाही, शालनला बोललो नाही. तो फक्त माझ्या डोक्यात होता.

त्यानंतर मी माझ्या परीनं चौकशी केली. गिरणीवाल्याच्या बायकोला विचारलं, कुणी हाक मारली का? ती म्हणाली, “न्हाई वो मास्तर, गिरणी चालू असली की हितं शेजारच्याचं बोलणं कळत न्हाई, घाटावरचं कुठनं ऐकू येणार?” तेही खरंच. त्या घरघरीतून आम्हा सगळ्यांना हाक ऐकू आली कशी? पेठेतल्या दोन जुन्या माणसांना विचारलं, पूर्वी दिव्यांत रॉकेल भरणारी बाई होती का? हसले. ते काम बाप्ये करायचे म्हणाले. त्या गृहस्थांनी व्हिडिओ पाठवला, तो मी कितीतरी वेळा बघितलाय. वडे दिसतात, दिलीप चहा ओततोय, कपांचा आवाज, पावसाचा आवाज... मग एकदम सगळ्यांच्या माना दाराकडं वळतात आणि दिलीपचा हात थांबतो. हाक मात्र व्हिडिओत नाही.

दोन आठवड्यांनी घरी पार्सल आलं. आत हिरवं नऊवारी लुगडं, खण, बांगड्या आणि एक चिठ्ठी: ‘तान्हूबाईंना, नानांकडून. काका, त्यांचं जे काही स्थान असेल तिथे माझ्या वतीने ओटी भरा.’

चिठ्ठी मी घडी करून परत पार्सलात ठेवली. भूत बघितलं असतं तर एक वेळ पचवलं असतं. पण मी खोटं बोललो होतो, आणि एक लेक त्या खोट्यापुढं हात जोडत होती. तिच्या बापाचा जीव माझ्या चुकीनं जाणार होता, आणि ती मलाच काका म्हणून पार्सल पाठवत होती. दोन दिवस मी जेवलो नाही धड. मग फोन लावला.

“ताई, मला माफ करा,” मी म्हटलं. “मोजण्यात मी चुकलो, बबनला धरून चौदा मोजले. आणि दुसरं... तान्हूबाई कुणी नव्हतीच. ती गोष्ट मी रचलीय. नावासकट.”

पलीकडं आतल्या खोलीत नाना कुणाशी तरी बोलत असावेत, तेवढं ऐकू येत होतं.

“मग काका,” अनघाताई हळूच म्हणाल्या, “नानांना धरलं कुणी?”

  तुमच्यात जाणकार आहेत, शिकलेले आहेत. मनाचे खेळ म्हणा, योगायोग म्हणा. पण एका माणसानं मनात रचलेली बाई दुसऱ्याचं मनगट धरते, याला काय म्हणतात ते मला माहीत नाही.

लुगडं महिनाभर कपाटात पडून होतं. शेवटी शालनला सगळं सांगितलं, रॉकेलसुद्धा. वाटलं होतं, हसेल नाहीतर घाबरेल. तिनं तांदूळ निवडता निवडता ऐकून घेतलं.

“नाव कुणी ठिवलं तिचं?” तिनं विचारलं.

“मी.”

“मग तिचं म्हायेर ह्येच की. दादला बुडवलासा, राबायला लावलंत, पायरीवर बसवून ठिवलंत. येक लुगडं द्यायला येवढा इचार कसला करताय?”

पाणी उतरल्यावर एका सकाळी आम्ही दोघं घाटावर गेलो. शालननं वरची पायरी धुतली, हळदीकुंकू लावलं, लुगडं ठेवून त्यावर खण, बांगड्या, नारळ आणि तांदूळ ठेवले. मी वर बोळाच्या तोंडाशी, लांबच उभा होतो. ते लुगडं दुसऱ्या दिवशी तिथं नव्हतं. कुणी गरजूनं नेलं असेल. मी विचारलं नाही.

“अवो, तिथनं काय बघताय? हाक मारा तिला,” शालन त्या सकाळी पायरीवरून म्हणाली. “लेकीला द्यायचं म्हंजी बापानं हाक माराय नगं व्हय?”

आम्हाला दोन मुलगे. मुलीला हाक मारायची वेळ माझ्यावर कधी आली नव्हती. मी खाली गेलो, तिच्या पायरीवर बसलो आणि लुगड्याची घडी सरळ केली. मग म्हटलं, “तान्हू... चुकलो बाळ मी. ये, घे हे.”